बेकारी भत्ता

बेकारी भत्ता : काम करण्याची क्षमता व इच्छा असूनही ज्या व्यक्तीस काम मिळत नाही, किंवा जिचे असलेले काम सुटले आहे, अशा व्यक्तीस ठराविक मुदतीपर्यंत मिळणारी रोख रक्कम. तिच्या मागे तीन निरनिराळी तत्त्वे आढळतात. पहिले विम्याचे : कामगार, मालक व शासन यांच्या वर्गणीतून निधी उभारावयाचा आणि काम गेलेल्या वर्गणीदारास त्यातून रक्कम द्यावयाची. दुसरे साहाय्याचे : वर्गणीची अट न घालता गरजू बेकारास शासकीय तिजोरीतून मदत करावयाची. तिसरे हमीभंगाच्या भरपाईचे : शासनाने काम देण्याची हमी दिली असेल आणि ती मुदतीत पाळली नाही, तर त्याबद्दल शासनाने मजुरास पैसे मोजावयाचे. पहिली दोन तत्त्वे औद्योगिक देशांत वाढली. तिसरे मुख्यतः महाराष्ट्राच्या ग्रामीण भागात कायद्याच्या रूपास आले व तेथून भारतभर गेले. नंदुरबारसारख्या आदिवासीबहुल, शेतमजुरांच्या जिल्ह्यात ‘बेकारी भत्ता’ या शब्दाचा व्यवहारातील अर्थ हाच तिसरा होय.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : बेल्जियममधील गेंट या शहराने १९०१ मध्ये कामगार संघटनांच्या बेकारी निधीस नगरपालिकेच्या तिजोरीतून पूरक अनुदान देण्याची पद्धत सुरू केली. सक्तीचा राष्ट्रीय बेकारी विमा प्रथम ब्रिटनमध्ये १९११ च्या राष्ट्रीय विमा अधिनियमाने आला. प्रारंभी तो इमारतबांधणी, जहाजबांधणी, अभियांत्रिकी यांसारख्या मोजक्या व्यवसायांपुरता होता. भत्ता आठवड्यास सात शिलिंग असून तो वर्षातून जास्तीत जास्त पंधरा आठवडे मिळे. तो घेणाऱ्यास सेवायोजन कार्यालयात नाव नोंदवून आपण कामास उपलब्ध असल्याचे दाखवावे लागे. नोंदणी, उपलब्धतेचा पुरावा व ठराविक मुदत ही त्रिसूत्री पुढे बहुतेक देशांनी स्वीकारली. जर्मनीत १९२७ मध्ये व अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत १९३५ च्या सामाजिक सुरक्षा अधिनियमाने बेकारी विम्यास व्यापक रूप आले. आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेने १९१९ मध्येच बेकारीविषयक संकेत संमत केला होता. १९५२ च्या सामाजिक सुरक्षेच्या किमान मानकांविषयीच्या संकेतात तिने बेकारी लाभाचा समावेश केला.

भारतीय संविधानाच्या ४१ व्या अनुच्छेदाने कामाच्या हक्काची आणि बेकारी, वार्धक्य, आजार इ. प्रसंगी सार्वजनिक साहाय्य मिळण्याच्या हक्काची तरतूद करण्याचे निदेश राज्यास दिले आहेत. मात्र ते राज्याच्या आर्थिक क्षमतेच्या मर्यादेत असून निदेशक तत्त्वांत मोडत असल्यामुळे न्यायालयामार्फत थेट अंमलात आणता येत नाहीत. त्यांस कायद्याचे बळ देण्यासाठी स्वतंत्र अधिनियमांची आवश्यकता होती.

संघटित क्षेत्रातील तरतुदी : औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये १९५३ साली झालेल्या दुरुस्तीने दोन प्रकारची भरपाई आणली. ले-ऑफच्या म्हणजे तात्पुरत्या कामबंदीच्या काळात पात्र कामगारास मूळ वेतन व महागाई भत्ता यांच्या निम्मी रक्कम देणे मालकावर बंधनकारक झाले. कामगारकपातीच्या वेळी एक महिन्याची सूचना अथवा तिच्याऐवजी वेतन, आणि सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षास पंधरा दिवसांचे सरासरी वेतन, अशी भरपाई ठरली. ही जबाबदारी मालकाची होती, शासनाची नव्हे.

विम्याच्या तत्त्वावरील लाभ भारतात बराच उशिरा आला. कर्मचारी राज्य विमा महामंडळाने १ एप्रिल २००५ पासून राजीव गांधी श्रमिक कल्याण योजना आणि १ जुलै २०१८ पासून अटल विमित व्यक्ती कल्याण योजना सुरू केली. दुसऱ्या योजनेत काम सुटलेल्या विमाधारकास सरासरी दैनिक वेतनाच्या २५ टक्के रक्कम आयुष्यात एकदाच, जास्तीत जास्त ९० दिवसांपर्यंत मिळे. २०२० मध्ये कोविडच्या साथीमुळे देशव्यापी टाळेबंदी झाली, तेव्हा हे प्रमाण ५० टक्के करण्यात आले. काम सुटल्यानंतर मागणी करण्यासाठी थांबावयाचा कालावधी ९० दिवसांवरून ३० दिवसांवर आणला गेला, आणि मागील मालकामार्फत न जाता महामंडळाच्या शाखा कार्यालयात थेट अर्ज करण्याची मुभा मिळाली. गैरवर्तनाबद्दल काढून टाकलेल्या किंवा स्वेच्छेने निवृत्त झालेल्या कामगारास हा लाभ मिळत नसे.

या तरतुदींतून हंगामी उद्योग मात्र वगळलेले होते. कर्मचारी राज्य विमा अधिनियम, १९४८ हा हंगामी कारखान्यांस लागू नव्हता, आणि हंगामी कारखान्याच्या व्याख्येत सरकी काढणे, कापूस दाबणे, साखर व गूळ बनविणे ही कामे नावानिशी घातलेली होती. हंगामी आस्थापनांस ले-ऑफची भरपाईही लागू नव्हती. ज्या जिल्ह्यात शेतीबाहेरचे बरेचसे काम ऊस, कापूस व मिरची यांच्या हंगामावर चालते, तेथील कामगार या कायद्यांच्या कक्षेत अभावानेच आला. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रमसंहिता लागू झाल्या व वरील जुन्या अधिनियमांची जागा त्यांनी घेतली.

नंदुरबार जिल्ह्यातील बेकारीचे स्वरूप : नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ रोजी धुळे जिल्ह्याचे विभाजन होऊन अस्तित्वात आला. नंदुरबार, नवापूर, शहादा, तळोदा, अक्कलकुवा व अक्राणी हे त्याचे सहा तालुके असून अक्राणीचे मुख्य ठाणे धडगाव हे आहे. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या १६,४८,२९५ असून तीत अनुसूचित जमातींचे प्रमाण सुमारे ६९ टक्के होते. भिल्ल, पावरा, कोकणा, मावची, गावित, धानका इ. जमाती येथे राहतात. तापीकाठच्या शहादा-तळोदा पट्ट्यात बागायत व ऊस आहे. उत्तरेकडील सातपुड्यात मात्र उताराची हलकी जमीन व पावसावरचे एकच पीक, अशी स्थिती आहे.

अशा ठिकाणी बेकारी म्हणजे एखाद्या दिवशी नोकरी जाणे नव्हे. खरिपाची कापणी संपली की गावातील काम संपते आणि पुढील पावसापर्यंत पुरेसे मिळत नाही. ही बेकारी दरवर्षी ठरल्या वेळी येते. तिच्यावरचा प्रचलित उपाय म्हणजे स्थलांतर. दिवाळीच्या आगेमागे कुटुंबेच्या कुटुंबे गुजरातेतील बारडोली, सुरत या भागांत ऊसतोडीसाठी अथवा सौराष्ट्रात शेतकामासाठी जातात. होळी हा सातपुड्यातील सर्वांत मोठा सण. अनेकजण त्यासाठी गावी परततात व काही पुन्हा जातात. ऊसतोडीचा मुकादम हंगामापूर्वीच, ऐन पावसाळ्यातील टंचाईत, ‘उचल’ म्हणून आगाऊ रक्कम देतो. ती घेतलेले कुटुंब पुढील हंगामासाठी बांधले जाते. शासकीय कामाची मजुरी काम झाल्यानंतर मिळते, तर मुकादमाची उचल कामापूर्वी मिळते. या एका फरकाचा रोजगार हमीच्या मागणीवर मोठा परिणाम होतो.

शेतमजुरीच्या प्रश्नावर या भागात संघटित लढ्यांचीही परंपरा आहे. १९७२ च्या सुमारास शहादा-तळोदा परिसरात अंबरसिंग सुरतवंती व त्यांचे सहकारी यांनी उभारलेल्या श्रमिक संघटनेने बळकावलेल्या जमिनी, मजुरीचे दर व दुष्काळातील काम हे प्रश्न हाती घेतले होते.

रोजगार हमी व भत्त्याचा उगम : महाराष्ट्रात विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्या पुढाकाराने १९६५ मध्ये सांगली जिल्ह्यातील तासगाव तालुक्यात मागेल त्याला काम देण्याचा प्रयोग झाला. १९७०–७३ च्या दुष्काळात ही कल्पना राज्यव्यापी झाली. महाराष्ट्र रोजगार हमी अधिनियम, १९७७ हा २६ जानेवारी १९७९ पासून अंमलात आला. ग्रामीण भागातील प्रौढ व्यक्तीने अकुशल अंगमेहनतीचे काम मागितल्यास पंधरा दिवसांत ते द्यावयाचे व न दिल्यास बेकारी भत्ता द्यावयाचा, हे तत्त्व त्यात प्रथमच कायदेशीर झाले. खर्चासाठी नोकरदार व व्यावसायिक यांच्यावरील व्यवसाय कराचे उत्पन्न आणि तितकेच शासकीय अंशदान यांचा निधी उभारण्यात आला. [⟶ रोजगार हमी योजना].

या अधिनियमातील भत्ता दिवसास किमान एक रुपया इतका अल्प होता. मजुरी व भत्ता या दोहोंचाही भार राज्य शासनावरच असल्यामुळे काम न देणे हे काम देण्यापेक्षा स्वस्त पडे. साहजिकच भत्त्याचा शासनावर फारसा वचक राहिला नाही, आणि प्रत्यक्षात तो क्वचितच दिला गेला.

राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी अधिनियम, २००५ मध्ये ही उणीव हेतुपुरस्सर दूर करण्याचा प्रयत्न दिसतो. २ फेब्रुवारी २००६ रोजी देशातील दोनशे जिल्ह्यांत तो सुरू झाला. पहिल्या टप्प्यातील महाराष्ट्राच्या बारा जिल्ह्यांत नंदुरबारचा समावेश होता. या कायद्याने प्रत्येक ग्रामीण कुटुंबास वर्षात शंभर दिवसांच्या कामाची हमी दिली. शंभर दिवसांपुढील कामाचा खर्च महाराष्ट्र शासन स्वतःच्या अधिनियमाखाली करीत आले. नव्या रचनेत अकुशल मजुरीचा खर्च केंद्र शासनाने व बेकारी भत्त्याचा खर्च राज्य शासनाने सोसावयाचा होता. काम दिले तर पैसा केंद्राचा, न दिले तर राज्याचा, अशी ही योजना असल्यामुळे काम काढण्याकडे राज्याचा कल राहील, अशी अपेक्षा होती.

अर्जाची पद्धत : भत्त्यासाठी प्रथम कुटुंबाची ग्रामपंचायतीत नोंदणी लागे. नोंदणीनंतर पंधरा दिवसांत छायाचित्रासह जॉबकार्ड विनामूल्य देणे बंधनकारक होते. जॉबकार्ड म्हणजे कामाची मागणी नव्हे. मागणी स्वतंत्रपणे, किमान सलग चौदा दिवसांच्या कामासाठी करावी लागे. महाराष्ट्रात तिचा अर्ज ‘नमुना ४’ या नावाने ओळखला जातो. तो ग्रामपंचायतीत ग्रामरोजगार सेवकाकडे अथवा कार्यक्रम अधिकाऱ्याकडे देता येई. पुढे तोंडी मागणीही ग्राह्य धरण्यात आली. महाराष्ट्रात जिल्हाधिकारी हे जिल्हा कार्यक्रम समन्वयक व तहसीलदार हे कार्यक्रम अधिकारी, अशी रचना होती.

अर्ज स्वीकारणाऱ्याने त्याच वेळी दिनांक घातलेली पोच देणे आवश्यक होते. पंधरा दिवसांची मुदत अर्जाच्या दिनांकापासून मोजली जाई, आणि काम आगाऊ मागितले असल्यास ज्या दिवसापासून मागितले त्या दिवसापासून. या मुदतीत काम मिळाले नाही तर भत्ता देय होई, आणि देय झाल्यापासून पंधरा दिवसांच्या आत तो चुकता करावयाचा असे. काम शक्यतो पाच किलोमीटरच्या आत द्यावयाचे व अंतर त्याहून अधिक असल्यास मजुरी दहा टक्के वाढवून द्यावयाची, असाही नियम होता.

रक्कम व मर्यादा : आर्थिक वर्षातील पहिल्या तीस दिवसांसाठी मजुरीदराच्या किमान एकचतुर्थांश व उरलेल्या काळासाठी किमान निम्मा, असा भत्त्याचा दर होता. २०२५-२६ मध्ये महाराष्ट्रातील मजुरीदर दिवसास ३१२ रु. होता. त्यावरून पहिल्या तीस दिवसांचा भत्ता दिवसास किमान ७८ रु. व पुढील काळाचा १५६ रु. येतो. वर्षभर मागणी करूनही एखाद्या कुटुंबास एक दिवसही काम मिळाले नाही, तर शंभर दिवसांचा किमान भत्ता २,३४० व १०,९२० मिळून १३,२६० रु. होईल. काम मिळाले असते तर तेवढ्याच दिवसांची मजुरी ३१,२०० रु. झाली असती. म्हणजे भत्ता हा मजुरीचा पर्याय नसून तुटलेल्या हमीची अंशतः भरपाई आहे. शंभर दिवसांची मर्यादा कुटुंबास लागू असल्याने घरातील प्रौढांची संख्या वाढली तरी एकूण हक्क वाढत नसे.

अर्जदारास कामावर हजर होण्याची सूचना मिळाली, मागितलेला काळ संपला, अथवा कुटुंबाने शंभर दिवसांचे काम पुरे केले, की राज्याची जबाबदारी संपे. दिलेले काम नाकारणारा, सूचना मिळूनही पंधरा दिवसांत हजर न होणारा, किंवा परवानगीवाचून आठवड्याहून अधिक काळ गैरहजर राहणारा मजूर तीन महिने भत्त्यास अपात्र ठरे. मात्र त्याचा काम मागण्याचा हक्क अबाधित राही.

अंमलबजावणीतील अडचणी : कायद्याची ही साखळी एका दुव्यावर टांगलेली आहे, आणि तो दुवा म्हणजे दिनांकित पोच. मागणी केव्हा केली हे सिद्ध झाले नाही, तर पंधरा दिवस केव्हा संपले हेही सिद्ध होत नाही. मग काम न मिळालेला मजूर कायद्याच्या दृष्टीने काम न मागितलेला मजूर ठरतो. भारताचे नियंत्रक व महालेखापरीक्षक यांनी २०१३ मध्ये सादर केलेल्या अहवालात, अनेक राज्यांतील ग्रामपंचायतींत मागणीच्या नोंदी नीट ठेवल्या जात नसल्याचे व दिनांकित पोच दिली जात नसल्याचे निदर्शनास आणले. काम मंजूर होऊन मस्टर निघण्याच्या बेतात आले, की मगच मजुरांची मागणी नोंदवावयाची, ही प्रथाही अभ्यासकांनी अनेक ठिकाणी पाहिली आहे. अशा नोंदींत मागणी व काम यांच्या तारखा लगतच्या दिसतात, आणि भत्ता कोणासही देय ठरत नाही. राज्याने खर्च सोसावा म्हणून केलेली तरतूद मागणीची नोंद टाळण्यास कारण व्हावी, हा या रचनेतील अंतर्विरोध होय.

सातपुड्यातील परिस्थितीत या अडचणी अधिक तीव्र होतात. अक्राणी व अक्कलकुवा तालुक्यांतील गावे डोंगरावर विखुरलेल्या पाड्यांची आहेत. पाड्यावरून ग्रामपंचायत कार्यालयापर्यंत किंवा तहसिलीपर्यंत जाण्यात मजुराचा एक दिवस मोडतो, आणि अधिकारी न भेटल्यास दुसराही. घरातील बोली भिलोरी, पावरी किंवा मावची असते, तर अर्ज व पोच मराठीत. अक्षरओळख नसलेल्या अर्जदारास कागदावर दिनांक घातला आहे की नाही हे पाहता येत नाही. भत्ता मिळावयाचा तर अर्जदार गावी थांबलेला असावा लागतो. पंधरा दिवस कामाची व आणखी पंधरा दिवस भत्त्याची वाट पाहण्याइतके धान्य घरात नसेल, तर कुटुंब ऊसतोडीची वाट धरते, आणि ते गेल्यावर कामावर हजर होण्याची सूचना निघाली तर गैरहजेरीही त्याच्याच नावावर लागते. आदिवासी कुटुंबांस टंचाईच्या काळासाठी देण्यात आलेले खावटी साहाय्य हे याच उणिवेवरील स्वतंत्र उपाय होते. २०२०-२१ मध्ये ते प्रतिकुटुंब ४,००० रु. असून निम्मे रोख व निम्मे वस्तुरूपाने ठरविण्यात आले होते. ते बेकारी भत्त्यात मोडत नाही, कारण ते कामाच्या मागणीवर अवलंबून नव्हते.

कागद हाती असला म्हणजे काय घडू शकते, याचे उदाहरण नंदुरबारच्या सीमेला लागून असलेल्या मध्य प्रदेशातील बडवानी जिल्ह्यात मिळते. तेथील पाटी विकासखंडात जागृत आदिवासी दलित संघटनेच्या मजुरांनी कामासाठी सामुदायिक अर्ज केले व त्यांच्या पोचपावत्या मिळविल्या. काम मुदतीत न मिळाल्याने २००६-०७ च्या सुमारास दीड हजारांहून अधिक मजुरांना मिळून पावणेपाच लाख रुपयांच्या आसपास भत्ता शासनास द्यावा लागला. राष्ट्रीय कायद्याखाली भत्ता मिळाल्याचे हे सर्वांत आधीच्या उदाहरणांपैकी एक होय. सातपुड्याच्या दोन्ही अंगांस भूमी, जमाती व दारिद्र्य यांत फारसा फरक नाही. मजुरांनी एकट्याने न मागता एकत्र मागितले आणि पोच मिळेपर्यंत आग्रह धरला, एवढ्याने निकाल बदलला.

सुशिक्षित बेकार : सेवायोजन कार्यालयात नाव नोंदविलेल्या सुशिक्षितांस काही राज्यांनी वेळोवेळी भत्ता दिला. महाराष्ट्रात २०२४ मध्ये सुरू झालेल्या मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेतील ६,००० ते १०,००० रु. ही मासिक रक्कम आस्थापनेत प्रत्यक्ष प्रशिक्षण घेण्याबद्दलचे विद्यावेतन होती. काम नसल्याबद्दल मिळणाऱ्या भत्त्याहून ती भिन्न आहे.

अलीकडील बदल : २००५ च्या अधिनियमाची जागा घेण्यासाठी संसदेने डिसेंबर २०२५ मध्ये विकसित भारत – रोजगार व आजीविका हमी अभियान (ग्रामीण) या नावाचा नवा अधिनियम संमत केला. त्यात हमीचे दिवस १०० वरून १२५ करण्यात आले. पेरणी व कापणीच्या काळात राज्यांनी जाहीर केलेल्या एकूण साठ दिवसांपर्यंत कामे थांबविण्याची तरतूद झाली. महाराष्ट्रासारख्या राज्यांसाठी खर्चाची विभागणी केंद्र ६० टक्के व राज्य ४० टक्के अशी ठरली. मुदतीत काम न दिल्यास बेकारी भत्ता देण्याचे तत्त्व व त्याची राज्यावरील जबाबदारी कायम ठेवण्यात आली. आधीच्या कायद्यात काम देणे राज्यास जवळजवळ विनाखर्चाचे व न देणे खर्चाचे होते. नव्या विभागणीत काम देण्याचाही भार राज्यावर येत असल्याने भत्त्यामागील हे जुने गणित बदलले आहे.

मूल्यमापन : बेकारी भत्त्याच्या एकूण वाटपाची रक्कम अल्प दिसते, एवढ्यावरून तो निरुपयोगी होता असे म्हणता येत नाही. सर्वांना वेळेवर काम मिळाले तर भत्त्याचे वाटप शून्य असावयास हवे. परंतु मागणीच नोंदविली गेली नाही तरीही ते शून्यच दिसते. हे दोन शून्य वेगळे ओळखण्याचे साधन म्हणजे मागणीची खरी नोंद. काम मिळत नसताना गावातून किती कुटुंबे बाहेर पडली, हे त्या नोंदीशी ताडून पाहिले तरच हमीची खरी स्थिती कळते. विमा योजनेत कामगाराचा हक्क त्याच्या वर्गणीतून सिद्ध होतो. हमी योजनेत वर्गणी नाही, आणि मजुराजवळ हक्काचा पुरावा म्हणून असतो तो केवळ तारीख घातलेला, सही केलेला कागदाचा तुकडा. तो अर्जाच्या दिवशीच त्याच्या हाती पडतो की नाही, यावर ग्रामीण महाराष्ट्रातील बेकारी भत्ता हा हक्क राहतो की नुसती तरतूद, हे अवलंबून आहे.